कानात सांगितलेलं नाव

आमच्या आत्याला पहिली हाक कधी ऐकू यायची नाही. बुवापाड्यातल्या तिच्या दारात उभं राहून "निर्मलाबाई" म्हणा, ती वाल सोलत बसलेली, मान वर नाही. दुसऱ्यांदा म्हणा, की लगेच, "ये गो, बस." कान गेले होते असं समजू नका. चार घरं पलीकडे दूध उतू जायला लागलं तरी तिला घरच्यांच्या आधी कळायचं. कुणी वैतागून विचारलं तर सांगायची, "पहिली हाक त्या निर्मलेची. तिनं नाय घेतली तर मी हाय." लोक हसायचे. मीही हसायचे. म्हातारीची गंमत, दुसरं काय.

ती माझी सख्खी आत्या नव्हती. कुणाचीच नव्हती, आणि म्हणूनच सगळ्या गल्लीची होती. आमच्याकडे कुणी साताऱ्याचं, कुणी जालन्याचं, कुणी महाडकडचं; कारखान्यात काम मिळालं म्हणून अंबरनाथला आलेली माणसं. घरात मूल झालं की बारशाला आत्या पाहिजे, कारण पाळण्यावर वाकून बाळाच्या कानात नाव सांगायचा मान तिचा. खरी आत्या गावाला, तिच्या सासरी. तिला कोण पाठवतंय? मग निर्मलाबाईला बोलवा. तिच्या घरात ती आणि नवरा, दोघंच, मूलबाळ नाही. पण गल्लीतल्या बहुतेक पोरींच्या कानात पहिलं नाव सांगितलं ते तिने. माझ्याही.

आत्या कानाशी वाकली की बाकीच्या बायका तिच्या पाठीत धपाधप थापा घालतात, ही आपली जुनी रीत. त्या गलक्यात ती काय बोलते ते कुणाला ऐकू जात नाही. आमची आत्या थापा खात बराच वेळ वाकलेलीच राहायची. कुणीतरी ओरडायचंच, "आत्या, नाव सांगताय की गोष्ट?"

"नाव म्हंजे काय इंजेक्शन हाय? टोचलं आनि निघालं? आत जायला येळ लागतो," ती वाकल्या वाकल्या म्हणायची. मानाची साडी घ्यायची नाही. पदरात मूठभर घुगऱ्या घ्यायची आणि चघळत घरी जायची.

मग तिचा नवरा गेला, आणि बारशाची बोलावणी बंद झाली.

इथे मी जरा थांबणार आहे, कारण ही गोष्ट लोक फार सहज बोलून पुढे जातात. कुणी तिला "येऊ नका" म्हटलं नाही. तोंडावर म्हणायला हिंमत लागते. फक्त बोलवायचं बंद केलं. जिने कानात सांगितलेल्या नावावर यांच्या पोरी शाळेत गेल्या, नोकरीला लागल्या, तिचा हात पाळण्याला लागला तर अपशकुन. आणि हे ठरवणाऱ्या कोण? तिच्याच पाठीत थापा घालणाऱ्या बायका. बारशाच्या दिवशी घुगऱ्यांची वाटी मात्र झाकून तिच्या दारात यायची. आत्या वाटी रिकामी करून, धुऊन, पुसून परत द्यायची. "गोड झाल्यात," इतकंच. मी तेव्हा कॉलेजात होते आणि बायकांच्या एका संघटनेत नुकती जायला लागले होते. मी तिच्याकडून भांडायला तयार होते. तिने मला वाल सोलायला बसवलं.

संघटनेत माझं काम पत्रकं लिहायचं. आत्या मला त्यावरूनच हाक मारायची, "ए पत्रकवाली". एका वर्षी आम्ही लग्नात मुलीचं नाव बदलण्याविरुद्ध मोहीम काढली. 'तुमची मुलगी म्हणजे पाटी नव्हे, पुसून लिहायला' हे वाक्य माझं. उल्हासनगरला कॅम्प चारमधल्या एका छापखान्यात पत्रक टाकलं. गल्ल्यावर बसलेल्या सिंधी काकूंनी चष्मा लावून ते अख्खं वाचलं. म्हणाल्या, "हमारे में भी बदलते हैं, बेटा. पंडित अक्षर निकालके देता है."

मी विचारलं, "आपका पहले क्या था?"

त्यांनी मशीनवर काम करणाऱ्या नवऱ्याकडे बघितलं. मग कागद उलटा ठेवला. "छोड़ ना. पेपर पीला लगाऊँ कि गुलाबी?"

ते पिवळं पत्रक मी आत्याला वाचून दाखवलं. तिला अक्षरओळख नव्हती. शेवटपर्यंत ऐकून घेतलं आणि म्हणाली, "चांगलं हाय. पन जिचं बदलून झालं तिनं काय करायचं? ते नाय लिवलंस."

"तुझं काय होतं गं आधी?"

वालाची सालं तिने एका बाजूला सारली. "असं सांगून कळनार नाय. गौरी जाऊ दे. दाखवते."

गौरी-गणपती गेले आणि एका सकाळी ती नवं लुगडं नेसून माझ्या दारात उभी. तिचं माहेर बदलापूरच्या पुढे, बारवी धरणाच्या अंगाला, डोंगराच्या पोटातली एक वाडी. बदलापूर स्टेशनाबाहेर शेअर रिक्षा मिळाली. वाटेत दोन्ही बाजूंना उभे राहिलेले टॉवर, आणि जे अजून उभे नाहीत त्यांचे फलक. डोंगर दाखवून घरं विकणारे फलक. आत्या एकेका फलकाकडे बघून विचारायची, "ही बाई कोन?" फलकावरच्या बाया सगळ्या खुर्चीत बसून चहा पिणाऱ्या. "कुणी नाही गं, जाहिरात आहे." "मंग हसते कोनाला?"

रस्ता संपला तिथून पायवाट. भात पोटरीला आलेलं. वळण घेतलं आणि समोरचा सगळा उतार पिवळा. बोटाच्या पेराएवढी फुलं, पण इतकी दाट की खालचं गवत दिसेना. आत्या तिथेच दगडावर बसली.

"ही मी," ती म्हणाली. "सोनकी."

मी मोबाइल काढला. ती म्हणाली, ठेव तो, ऐक. तिच्या आधी तिच्या आईला दोन मुली झाल्या. दोघींची नावं देवीची ठेवली आणि दोघी वर्षाच्या आत गेल्या. तिसरीच्या वेळी आई याच उतारावर गवत कापायला आली होती आणि इथेच कळा सुरू झाल्या. घरी नेईपर्यंत पोर झाली. आजी म्हणाली, देवीचंच ठेवू. आई म्हणाली, नाही. देवीचं ठेवलं की देवी नेते. "सोनकी कोन तोडीत नाय. तोडली की मान टाकते. वेनीत चालत नाय, बाजारात इकत नाय. आई बोलली, जिला कोन नेत नाय ती राहील." आत्याने उताराकडे बघितलं. "राहिली. बाकी सगली गेली. मी राहिली."

"आणि लग्नात?"

"ताटात तांदूल पसरलं. नवऱ्यानं अंगठीनं त्यात काय ते लिवलं. सगली बोलली, निर्मला, निर्मला. मना वाटलं कोन दुसरी बाई आली मांडवात. मी मागं वलून बघितलं." ती हसली. "सासू बोलली, सोनकी हे काय नाव हाय, जंगलातलं. दुसऱ्या दिशी त्याच तांदलाचा भात केला. मी पन जेवली."

माझ्या डोक्यात पत्रकाचा पुढचा परिच्छेद तयार व्हायला लागला होता. पण ती उठून वाडीकडे चालायला लागली. मग मला कळलं की ती फुलं दाखवायला आलीच नव्हती. वाडीत तिची भावजय होती, भावाची विधवा. तिला त्या नावाने ओळखणारं तेवढंच एक माणूस जिवंत होतं. आणि आत्याला एकदा, मरायच्या आधी, ती हाक ऐकायची होती. हे तिने सांगितलं नाही. सगळ्या वाटेने ती पदर सारखा करत होती, त्यावरून मला कळलं.

भावजय ओट्यावर बसलेली. डोळ्यांवर हात धरून बघितलं आणि म्हणाली, "अगो बाय, तू? चालत आलीस?"

चहा झाला. कोण गेलं, कुणी जमीन विकली, कुणाची सून वांगणीला राहायला गेली, सगळं झालं. "बाय, घे ना." "बाय, पाठ टेक जरा." सारखं बाय. आत्या ऐकत होती, मान हलवत होती. मला राहवेना. मी म्हणाले, "मावशी, यांचं नाव माहितीये ना तुम्हाला? त्यांना नावाने हाक मारा ना एकदा."

भावजयीने तोंडाला पदर लावला. "नणंदेला? मोठ्या नणंदेला नावानं? काय बोलतंय हे पोर."

"माहीत आहे का पण?"

"म्हाइत नसायला काय झालं. सासूबाई हाक मारायच्या ना अख्ख्या डोंगराला ऐकू जाईल अशी. पन मी कधी तोंडात घेतलं नाय. आता या वयात घेऊ व्हय?" आणि ती आत्याकडे वळली. "नाय का गो, बाय?"

"नाय, नाय," आत्या म्हणाली. "तू कशी घेशील."

याला काय म्हणायचं ते तुम्हीच ठरवा. सासरने नाव तांदळात शिजवून खाल्लं, आणि माहेरने मान राखण्यासाठी गिळलं. मी परतीच्या वाटेवर हे सगळं मोठमोठ्याने बोलले. आत्या फुलांच्या कडेने चालत होती. मी शेवटी म्हणाले, "जाऊ दे. मी मारते तुला हाक. सोनकीआत्या."

"आत्या लावलंस की मोडलं ते."

"मग सोनकी."

तिने मान हलवली. "नाय लागत. तू लहान हायस. आपल्यापरीस मोठं मानूस हाक मारतं ना, तवा नाव जितं ऱ्हातं. मना मोठं कोन उरलंय?"

रिक्षाची वाट बघत आम्ही फाट्यावर उभ्या होतो तेव्हा तिने उरलेलं सांगितलं. कबुली दिल्यासारखं नाही, भाजीचा भाव सांगावा तसं. पोरीच्या बारशाला ती पाळण्यावर वाकायची आणि आधी हळूच सांगायची, सोनकी. मग आईबापांनी ठरवलेलं नाव. थापांमध्ये कुणाला ऐकू जायचं नाही. "पोरी राह्याव्या म्हनून," ती म्हणाली. "आनि मना बी कोनाला तरी हाक मारायला मिलायची."

"माझ्या कानात पण?"

"तुझ्या पन."

"न विचारता?"

"तू पालन्यात व्हतीस. इचारलं असतं तर काय बोलली असतीस?"

पुढच्या वर्षी माझ्या भावाला मुलगी झाली. मी घरात सांगितलं, नाव कानात आत्या सांगेल. आई म्हणाली, "तू असताना तिला कशाला? तू सख्खी." मी म्हणाले, खरं कारण बोल. आई खरं कारण बोलली नाही, वहिनीची आई बोलली, आणि मग जे भांडण झालं ते शेजाऱ्यांनी टीव्ही बंद करून ऐकलं. मी सांगितलं, ती नाही तर मी पण नाही.

आत्यानेच मला बोलावून घेतलं. "बोंबलू नको. मी आली तर सगल्या बाया माझ्याकडं बघतील, पोरीकडं कोन बघनार नाय. तू जा." मग वाटीतले वाल चिवडत खाली बघून म्हणाली, "आधी माझं घे. मंग तुमचं. आनि घाई करू नको."

मी गेले. पत्रकात मी रोज लिहिते की जे बोलायचं ते उघड बोला. त्या दिवशी मी पाळण्यावर वाकले, माझ्या पाठीत थापा पडायला लागल्या, आणि मी कुजबुजले. सोनकी. बाळ झोपलेलं होतं. मी आणखी एकदा म्हणाले. मग भाऊ-वहिनींनी मोबाइलवरून शोधून काढलेलं नाव सांगितलं. कुणीतरी ओरडलं, "भाषण नको गं, नाव सांग." घुगऱ्यांची वाटी मी झाकली नाही. तशीच घेऊन आत्याच्या दारात गेले.

"निर्मलाबाई" म्हणायची गरज पडली नाही. ती उंबऱ्यातच उभी होती.

"घेतलं?"

"घेतलं. दोनदा."

तिने एक दाणा तोंडात टाकला आणि बराच वेळ चघळला. "मीठ जास्त झालंय," म्हणाली. डोळे पुसले तेही त्या मिठाच्याच नावावर.

होळीच्या आधी ती गेली. नवऱ्याकडचे पुतणे आले, त्यांनी नाक्यावर फ्लेक्स लावला, कै. निर्मलाबाई. खाली कंसात तिचं नाव टाका म्हणून मी भांडले. पुतण्या म्हणाला, "ताई, लोक विचारतील ना, ही दुसरी कोण?" तो उद्धट नव्हता. त्याला खरंच माहीत नव्हतं. तिची खोली आता भाड्याने दिली आहे.

परवा संध्याकाळी भावाच्या मुलीला कडेवर घेऊन नाक्यावर उभी होते. क्लास सुटला होता. पोरींचा घोळका गल्लीत शिरला, दप्तरं, हसणं, एकमेकींना ढकलणं. त्यांतल्या ज्या मोठ्या, त्यांच्या बारशाला मी घुगऱ्या खाल्ल्या आहेत. आत्याची पाठ थापांनी हलताना बघितली आहे. त्या पुढे गेल्या आणि मी मागून मोठ्याने हाक मारली, "सोनकी."

एकही वळली नाही. कडेवरची पोर मात्र चुळबुळ थांबवून माझ्या तोंडाकडे बघत राहिली.