विचाराधीन बाई

आमच्या कार्यालयात आस्थापनेच्या टेबलावर मी पंचवीसहून जास्त वर्षं काढली आणि एवढ्या वर्षांत एकही पत्र सात दिवसांच्या पुढं पडू दिलं नाही. हे मी कौतुक व्हावं म्हणून सांगतोय. पुढं वाचलंत की तुम्ही ते परत घ्याल, याचीही मला कल्पना आहे.

सरकारी कागद जसा बोलतो तसा आमच्याकडं काळ वागतो, हे सोलापुरात कुणाला सांगायला नको. बाहेरगावच्या वाचकांसाठी सांगतो. 'काम पूर्ण झाले आहे' असं पत्र निघालं की सकाळी रस्ता तयार असतो. कुणी केला ते विचारायचं नाही. 'लवकरच करण्यात येईल' असं निघालं की ते काम कायमचं उद्यावर जातं. आणि 'आपला अर्ज विचाराधीन आहे' असं निघालं की अर्जदाराचं वय सहा महिने जागच्या जागी थांबतं. आमचे लोक बिलंदर. शुक्रवार पेठेतल्या माझ्या एका मावशीनं नसलेल्या गल्लीसाठी नळ मागितला, दर सहा महिन्यांनी स्मरणपत्र टाकलं आणि पंचेचाळिशीत मुक्काम ठोकला. तिच्या थोरल्या सुनेनं तिला वयानं गाठलं, तरी हळदीकुंकवाला मावशीचाच तोरा.

पण एका अर्जदार बाईंना यातलं काहीच नको होतं. त्या अक्कलकोटच्या पुढं एका खेड्यात शिक्षिका होत्या. तिथली पोरं आधी कानडी बोलायची, मग मराठी. घर मात्र शहरात. नवरा वारलेला. अर्ज दोन ओळींचा होता: मुलगी तिसरीत आहे, तिला शाळेतून आणायला घरी कुणी नाही, तरी शहरात बदली मिळावी.

आता आमची पद्धत सांगतो. नवं पत्र कुणी लिहीत नाही. मागचं पत्र उघडायचं, तारीख बदलायची, साहेबांपुढं ठेवायचं. साहेब सही करतात, वाचत नाहीत. बाई दर सहा महिन्यांनी स्मरणपत्र घेऊन स्वतः यायच्या.

"भाऊसाहेब, जरा बघा की. पोरगी एकटीच फाटकापाशी बसून राहते."

"बाई, परवा तुमचं उत्तर निघालंच समजा."

आणि निघायचंच. 'आपला अर्ज विचाराधीन आहे.' बाई घाईघाईनं एसटी गाठायला पळायच्या आणि मी स्वतःवर खूश होऊन चहा मागवायचो. पुढं पुढं मी त्यांची थट्टाही करायला लागलो. "बाई, तेल कुठलं लावता? आमच्या हिलाही सांगा." त्या हसायच्या नाहीत. मला वाटायचं, स्वभावच तसा असेल.

गेल्या उन्हाळ्यात टेबलासमोर कुणीतरी उभं राहिलं. मी मान वर न करता म्हणालो, "बाई, उत्तर कालच टाकलंय."

"काका, मी त्यांची मुलगी."

मी पाहिलं. तेच नाक, तेच कपाळ, केसांची ठेवणही तीच.

"मी एकोणतीसची हाय," ती म्हणाली. "आई चौतीसची. माझ्या लग्नात सासूबाईंनी तिला करवली समजून हातात कऱ्हा दिला."

मला हसू आलं. तीही जरा हसली, मग थांबली.

"आणखी पाच वर्षांनी आमी दोघी एका वयाच्या होणार. त्याच्या पुढं मी तिच्यापेक्षा मोठी. मग मी आई म्हणून कुणाकडं बघायचं, काका? आणि वय थांबलं, तशी तिची काळजी पण तितंच थांबलीय. रोज संध्याकाळी एसटीतनं उतरली की माझ्या जुन्या शाळेच्या फाटकावर जाते. मी घरी असते. किती सांगितलं, तिला पटतच न्हाय."

"मग मी काय करू?"

"तिला नाही म्हणा."

ती गेल्यावर मी बाईंची फाइल काढली. माझीच पत्रं होती, एकाखाली एक, सगळी वेळेवर गेलेली. मला स्वतःची लाज वाटली. एकदा जरी मी आळस केला असता, एखादं स्मरणपत्र जेवणाच्या डब्याखाली वर्षभर विसरलो असतो, तर बाईंना तेवढं तरी वय मिळालं असतं. शेजारच्या टेबलावरचा आमचा कामचुकार गडी बघा, त्याच्या सगळ्या अर्जदारांचे केस वेळच्या वेळी पिकले.

बदली देणं माझ्या हातात नव्हतं. शहरात जागा नव्हती, आणि अर्जातली तिसरीतली मुलगीही आता राहिली नव्हती. मी कोरा कागद घेतला आणि नोकरीत पहिल्यांदा स्वतःच्या डोक्यानं पत्र लिहिलं: आपली विनंती मान्य करता येत नाही. साहेबांनी नेहमीसारखी सही केली. गेलेली वर्षं त्यानं परत येणार नव्हती. मायलेकींत पाचच वर्षांचं अंतर राहणार होतं, पण निदान ते राहणार होतं.

पत्र पोचलं त्याच दिवशी बाई आल्या. मागोमाग मुलगीही जिना चढून आली.

"नाही?" बाईंचा आवाज चढला. "इतकं थांबवून ठेवलंत आणि आता नाही म्हणता? मग पोरीला शाळेतनं आणायचं कुणी?"

मी उत्तर ठरवून ठेवलं होतं. तरी मी फाइल चाळायला लागलो.

मुलीनं पुढं होऊन आईच्या खांद्यावरची पर्स काढून स्वतःच्या खांद्याला लावली. "आई, चल. मी आलीय की तुला न्यायला."

बाई तिच्याकडं बघत राहिल्या. मग त्यांनी हात वर करून तिच्या गालाला लावला.

"केवढी झालीस गं तू," त्या म्हणाल्या. "आणि मला कुणी सांगितलंसुद्धा नाही."