खरचटलंसुद्धा नाही

माझ्या नवऱ्याचा पाय मोडला त्या पावसाळ्यात आमच्या घरी इतकी केळी आली, की शेवटी मी ती शेजारच्या शेळ्यांना घातली. नेरमध्ये कुणाचं हाड मोडलं की माणसं भेटायला येतात, आणि रिकाम्या हातानं येत नाहीत. केळी, बिस्किटांचे पुडे, एखादा सफरचंदंही आणतो. आलेला माणूस खाटेजवळच्या खुर्चीत बसायचा, प्लास्टरवरून हात फिरवायचा, अपघात कसा झाला ते पहिल्यापासून ऐकायचा आणि हळहळायचा. त्या सगळ्यांसाठी चहा मी करायची. त्याच गाडीत मीही होते, हे सगळ्यांना ठाऊक होतं. कप घेताना कुणी वर पाहिलंच तर म्हणायचं, "तुमचं बरं झालं बाप्पा, तुमाले तं खरचटलंसुद्धा नाई."

हे मी विसरलेले नाही. ती माणसं आजही माझ्या दुकानात येतात, मी त्यांना चांगली मिरची देते, दोन शब्द हसून बोलते. पण कोण काय म्हणालं ते मला पाठ आहे.

दुकान माझं आहे. टोपलीभर वाळलेली मिरची घेऊन आठवडी बाजारात मातीत बसायची, तिथून मी सुरुवात केली. आता चार भिंती आहेत, मागच्या बाजूला मिरची कांडायचं यंत्र आहे. गल्ल्यावर नवरा बसतो, कारण मी बसले की गिऱ्हाइकाशी जुंपते. खरेदी मात्र मीच करते. व्यापारी पोत्याचं तोंड उघडून वरची लालभडक मिरची दाखवतो, आणि मी कोपरापर्यंत हात घालून तळातली बाहेर काढते. मग त्याचा चेहरा बघण्यासारखा होतो.

मुलगी नेरपासून तासाभराच्या गावात दिली आहे. त्या गावाच्या अलीकडे एक नाला आहे आणि नाल्यावर रपटा, म्हणजे कठडे नसलेला बुटका पूल. त्या वर्षी मुलीकडे मुक्काम करून आम्ही काळी-पिवळी जीपनं परत येत होतो. रात्रभर पाऊस झाला होता. रपट्यावरून गढूळ पाणी वाहत होतं. फार नव्हतं, घोटाभर असेल. मी ड्रायव्हरला म्हटलं, थांब जरा. तो म्हणाला, "मावशी, हे रोजचंच हाय," आणि त्यानं गाडी घातली.

मधोमध इंजिन बंद पडलं. मग गाडी सरकायला लागली. लोकांना वाटतं, गाडी धाडकन पडली असेल. तसं नव्हतं. कुणी खाट ओढावी तशी ती हळूहळू काठाकडे गेली, एक चाक खाली उतरलं, आणि एका अंगावर कलून ती खालच्या बाभळीला टेकली. एका बाजूनं पाणी आत शिरलं. नवऱ्याचा पाय सीटखाली अडकला. मी वरच्या अंगाला होते. मी दार लाथा मारून उघडलं, एका बाईचं लेकरू आधी वर काढलं, मग तिला ओढलं, मग एका म्हाताऱ्याला. ओरडत होते सारखी. माझा आवाज ऐकून शेतातली माणसं दोर घेऊन धावत आली. शेवटी नवऱ्याला काढलं. कुणी मेलं नाही.

त्या दिवशी मी जे करायचं ते सगळं नीट केलं. मी घाबरलेच नव्हते. म्हणून पुढचं काही माझ्या ध्यानात आलं नाही.

नवऱ्याचं प्लास्टर निघालं. उन्हाळ्यात तो एका वरातीत नाचला. मुलीकडे जायचा, पान चघळत रपटा ओलांडायचा आणि यायचा. मी जात नव्हते. आधी सोयाबीनचे दिवस होते म्हणून, मग नवी मिरची यायची होती म्हणून, मग यंत्राचा पट्टा तुटला म्हणून. भेटायला मुलगीच यायची. आभाळ भरून आलं की माझे तळपाय थंड पडायचे. शेजारणीनं मोरीत बादली उपडी केली की त्या आवाजानं हातातलं माप सुटायचं. कुठल्याही ऑटोत बसण्याआधी मी ड्रायव्हरशी भांडण काढायची, मग तो बिचारा कितीही सरळ असो. मला वाटलं, बीपी असेल. डॉक्टरांनी बीपी पाहिलं, ते ठीक होतं. त्यांनी ताकदीच्या गोळ्या दिल्या.

मी मुलीकडे का जात नाही याचं कारण लोकांनीच शोधून काढलं. लग्नात माझ्या बहिणीला आहेरात विरविरीत साडी आली होती, आणि ती मी भर मांडवात इहीनबाईच्या, म्हणजे मुलीच्या सासूच्या हातात परत ठेवली होती. तेव्हा तो राग अजून गेला नाही, असं ठरलं. मी नाही म्हटलं नाही. मला ते सोयीचं पडलं. रागाला गावात मान असतो. "तिचा राग लय वाईट" असं म्हणताना माणूस जरा दबून असतो. इतके बाजार मारलेली बाई घोटाभर पाण्याला भिते, हे कुणाला सांगायचं?

असे तीन पावसाळे गेले. मग मुलीनं पिठाची चक्की टाकायचं ठरवलं. तिच्या गावात चक्की नव्हती, दळण घेऊन बायका दुसऱ्या गावी जायच्या. तिनं सगळं स्वतः जमवलं, मशीन आणलं, आणि मला फोन केला.

"आई, बटन तू दाबशील."

मी म्हटलं, बघू, दुकानात सध्या लय गर्दी आहे.

"तू नाई आली तं चालू करणार नाई मी. पडू दे तशीच." मग ती हळू आवाजात म्हणाली, "इथल्या बाया मले विचारते, तुया मायनं तुले टाकलं काय?"

फोन ठेवल्यावर मी त्या दिवशी तीन गिऱ्हाइकांशी भांडले. चक्की गोणपाटाखाली पडून राहिली.

आठ-पंधरा दिवसांनी इहीनबाई स्वतः दुकानात आली. उंबऱ्यातून आत आली आणि जयभीम म्हणाली नाही, तेव्हाच मी ओळखलं की ही भांडायला आली आहे. मागे कांडपाचं यंत्र धडधडत होतं, दोन गिऱ्हाइकं मिरची निवडत होती.

"पोट्टी रोज ती मशीन पुसते आन् रोज झाकते," ती यंत्राच्या आवाजावर आवाज चढवून म्हणाली. "एका साडीपायी किती दिवस छळान तिले?"

"साडी पातळच होती," मी म्हटलं.

"होती पातळ! घ्या, कबूल!" तिनं पिशवीतून एक साडी काढून तराजूशेजारी आपटली. "हे घ्या जाड. नेसाची नसन तं पोतं मनून वापरा. मिरची भरा तिच्यात."

एक गिऱ्हाईक हसलं. माझं डोकं फिरलं.

"मले कायले साड्या दाखवता? मी काय साडीसाठी अडून बसली हावो?"

"मंग काय पायजे? पाय धरू तुमचे?"

"अवं बाई, मले तो नाला पार होत नाई!"

मी पूर्ण जोर लावून ओरडले होते, आणि नेमकं त्याच वेळी नवऱ्यानं भांडण नीट ऐकू यावं म्हणून यंत्र बंद केलं. त्यामुळे ते वाक्य शांत दुकानात पडलं. गिऱ्हाइकांचे हात थांबले.

"कोनता नाला?" इहीनबाईनं विचारलं.

"तुमच्या गावचा. रपटा. तिकडचं नाव घेतलं का पाय थंडे पडते माहे. ते पानी आत येतानी दिसते." आता सुरूच झालं होतं, तर मी थांबले नाही. "ह्यायचा पाय मोडला तं सारं गाव आलं. मले कोनी विचारलं?"

नवरा गल्ल्यावरून उठला. "मले काहून नाई सांगतलं?"

"तुमी केळं खाऊन राह्यले होते."

इहीनबाई स्टुलावर बसली. तिचा सगळा जोर गेला होता. पदरानं तोंड पुसून ती म्हणाली, "माह्या घरचे ड्रम पाह्यले ना तुमी?"

ते कुणी पाहिले नव्हते? तिच्या घरात कोपऱ्याकोपऱ्यात पाण्यानं भरलेले ड्रम असतात. अंगणात, चुलीपाशी, खाटेच्या उशाशी. सोयरीक पाहायला गेलो तेव्हा मी सगळ्यांसमोर म्हटलं होतं, हे घर हाय का नळयोजना?

"मी लहान होती," ती सांगू लागली. "शेजारच्या वाळल्या कुटाराच्या ढिगाले आग लागली. उन्हाळ्याचे दिवस, वारं सुटलेलं. दुपारवर पुरी ओळ जळाली घराईची. मी मातीच्या रांजणामागं बसली होती, त्यात पानी नव्हतं. मले तेवढंच याद हाय, का त्यात पानी नव्हतं. जीव सारे वाचले. मनून सारे मने, नशीब चांगलं. मंग त्याची गोठच निघाली नाई कधी, कोनी बोललंच नाई. आजबी कोनी शेतात पऱ्हाटी पेटवली ना, तं मी पह्यले ड्रम पाहून येते. सुनेले सांगू कशी? तिले वाटते, सासू खुळी हाय."

मी तिला पाणी दिलं. ती ते घोटाघोटानं प्यायली.

"एक आगीले भेते, एक पान्याले," नवरा म्हणाला. "मधात आमी कोरडेच राह्यलो."

"तुमी गल्ला पाहा," आम्ही दोघी एकदमच म्हणालो.

मग आमचा सौदा सुरू झाला. सौदा म्हटलं की मला बरं वाटतं, पायाखाली जमीन येते. मी म्हटलं, आभाळ कोरडं असेल त्याच दिवशी निघीन. ती म्हणाली, कबूल. ऑटोत आपण दोघीच, दुसरी सवारी नाही. कबूल. रपट्याच्या अलीकडे मी उतरणार आणि पायी येणार. "उतरा. मीबी उतरते." ज्या अंगाला गाडी पडली त्या अंगानं तुम्ही चालायचं. तिनं क्षणभर विचार केला. "चालीन. पन साडी ठेवून घ्या." मी म्हटलं, ठेवते, पण नेसणार नाही. सौदा पटला.

पाऊस सरल्यावर, दिवाळीच्या आधी आम्ही गेलो. नाल्यात पाणी म्हणावं असं नव्हतंच, गोट्यांमधून एक बारीक धार चालली होती. तरी रपटा दिसल्याबरोबर माझे तळपाय थंड पडले. ऑटो पलीकडे जाऊन थांबला. मी इहीनबाईचा दंड धरला, आणि ती त्या अंगानं चालू लागली. चालताना तिचं तोंड बंद नव्हतं. सुनेचं कौतुक, मुलाचा आळस, गावातल्या बायकांच्या चुगल्या. निम्म्यात मी थांबले. खाली ती बाभूळ होती. तिच्या बुंध्याची साल एका जागी सोललेली होती आणि बाकी ती चांगली हिरवी होती. माझ्या कानात पाणी वाजायला लागलं.

"थांबा वाटल्यास," इहीनबाई म्हणाली. "घाई कोनाले हाय? चक्की काय पळून जाते?"

आम्ही थांबलो. एक सायकलवाला आमच्याकडे बघत निघून गेला. मग मी पाऊल उचललं, मग दुसरं. पलीकडे पोचल्यावर मी रस्त्याच्या कडेला बसले आणि ओकले. इहीनबाईनं ऑटोवाल्याला तोंड फिरवून उभं राहायला सांगितलं.

मुलीनं दारात मला पाहिलं आणि हात धरून आत नेलं. बुद्धवंदना झाली. गोणपाट निघालं. मी बटण दाबलं, पट्टा फिरला, आणि पहिलं ज्वारीचं पीठ खाली उतरलं. मुलीनं ते चिमटीत घेऊन चोळून पाहिलं. "जाड येऊन राह्यलं," ती म्हणाली आणि जातं आवळायला वाकली. तिच्या केसांवर, भुवयांवर पीठ बसलं होतं. गावातल्या बाया दाराशी दळणाचे डबे घेऊन रांगेत उभ्या होत्या, आणि ती एकेकीला मोठ्यानं सांगत होती, "हे माही आई हाय. नेरवरून आली."

नंतर मुलगीच मला यवतमाळच्या सरकारी दवाखान्यात घेऊन गेली. तिथे मनाच्या दुखण्याची एक खोली आहे. डॉक्टर लहानशी मुलगी होती. ती म्हणाली, असं झालेली माणसं रोज येतात, फक्त ती कंबर दुखते, पोट दुखते म्हणून येतात, आणि निघताना दारात उभं राहून खरी गोष्ट सांगतात. दर आठवड्याला या, म्हणाली. मी म्हटलं, महिन्यातून एकदा. पंधरा दिवसांवर ठरलं. मी घासाघीस केली याचं तिला हसू आलं, पण ती त्याहून खाली उतरली नाही.

आता मी मुलीकडे जाते. बरं वाटतं. चक्की चांगली चालते, मुलगी माझ्यासारखीच भांडते, फक्त हसून भांडते. रपट्याच्या अलीकडे मात्र मी अजून उतरते, पाणी असो नसो. ऑटोत सवारी असली की सुरुवातीला हसायची. एकदा असंच मी उतरले, तर मागच्या सीटवरचा एक दणकट माणूस, मिशाबिशा असलेला, हळूच म्हणाला, "मावशी, मीबी उतरू काय?"

दोघं चालायला लागलो. तो रस्त्याच्या अगदी मधून चालत होता, नजर समोर. मी विचारलं, "तुले काय झालं होतं रे?"

तो म्हणाला, विहीर खोदत होतो. मग म्हणाला, वरून दरड आली. गळ्यापर्यंत मातीत होतो, मावशी, वरची माणसं दिसत होती पण आवाज निघत नव्हता. तेव्हापासून तो छपराखाली झोपत नाही, थंडीतही अंगणात झोपतो. घरच्यांना सांगतो, आत उकडते.

रपटा संपला, त्याचं सांगणं संपलं नव्हतं. आम्ही पलीकडच्या काठावर उभे राहिलो. ऑटोवाला हॉर्न वाजवायला लागला.

"थांब रे!" मी तिथूनच ओरडले. "त्याची गोठ होऊ दे पह्यले."