गुरुजींच्या कादंबरीचं शूटिंग

जाड पुठ्ठ्याचं पुस्तक जळताना फट्ट असा आवाज होतो. चाळीस वर्षांपूर्वी मी तो आमच्या चावडीपुढे ऐकला. गुरुजींनी कादंबरी लिहिली होती. मालगुजाराची, म्हणजे गावच्या जमीनदाराची, पोर घरच्या गड्याच्या प्रेमात पडते, अशी. गाव भडकलं. काडेपेटी माझी होती. गुरुजी माझे शेजारी. दुसऱ्या दिवशी ते गाव सोडून गेले.

आता त्या कादंबरीवर सिनेमा होतोय, तोही इथेच, सालेकशाकडच्या आमच्या गावात. महिन्याभरात इतके किस्से साचले, की एक सांगायला घ्यावा तर दुसराच आधी तोंडात येतो.

*

डायरेक्टर मॅडम परवानगी मागायला आल्या. गावचा तलाव बांधणाऱ्या मालगुजार घराण्यातले भाऊ उठले. "पोरीले तीन दिवस ढोरांच्या कोठ्यात कोंडलं, हे साफ खोटं आहे! तो सीन काढा."

मॅडमनी पुस्तक चाळलं. "भाऊ, कोंडल्याचं यात कुठेच नाही."

भाऊ खाली बसले. परवानगी लगेच मिळाली!

*

मालगुजार झालेला नट गोंदियाचा, फार गरीब स्वभावाचा. मिशी लावूनच टपरीवर गेला. सुमनबाईनं किटली मागे ओढली. "काल त्या पोरीले मारलंस, अन् आज चहा मागून राहिलास?"

"माँजी, वो तो ॲक्टिंग थी!"

शेवटी त्या पोरीचं काम करणारी नटीच आली, 'लागलं नाही' म्हणाली. तेव्हा कुठे त्याला अर्धा कप मिळाला!

*

पुस्तक जाळण्याच्या सीनला जुनी प्रत हवी होती. गावात कुठून मिळणार? सगळ्या जाळल्या होत्या ना! संध्याकाळपर्यंत नऊ आल्या. कुणाच्या धानाच्या कोठीतून, कुणाच्या देव्हाऱ्यामागून. भाऊंच्या प्रतीत तर पानोपानी खुणा!

"मग तेव्हा जाळलं काय?" मॅडमनी विचारलं.

सगळे माझ्याकडे बघू लागले.

"एकच होती," मी म्हणालो. "गुरुजींनी मले देलेली. मले वाचता येत नाही."

*

सीनला मलाच उभं केलं. मॅडमनी बोलावल्यानं गुरुजी आले होते, मोहाच्या झाडाखाली खुर्चीत बसले होते. त्यांच्याशी बोलायचं एक वाक्य मी महिनाभर जुळवत होतो. जुळलं नव्हतं.

"ॲक्शन!"

काडी ओढली, विझली. दुसरी ओढली, तीही विझली. पाच टेक झाले.

"बाबा, रागानं पेटवा ना!"

"राग कुठं होता, मॅडम? सगळे म्हणाले, म्हणून पेटवलं."

गुरुजी उठले. काठी टेकत आले. माझ्या हातातली काडेपेटी घेतली, स्वतःच्या खिशात टाकली, आणि तलावाच्या वाटेनं निघून गेले.