साहेबांचा कोट

बाबांचा काळा कोट पानाच्या डागासकट हवा, धुऊ नका, असं त्या माणसाने फोनवर सांगितलं तेव्हाच मला शिसारी आली. जुन्या सिनेमाच्या वस्तू जमवणारा हा गृहस्थ दादरला प्रदर्शन भरवत होता. डाग एका मोठ्या हिरोच्या तोंडचा, म्हणून त्याचं एवढं कौतुक.

कोट मात्र बाबांचा. त्या काळी छोट्या नटांनी आपले कपडे आपणच न्यायचे असत. स्वतःच्या लग्नात ठाकूरद्वारच्या शिंप्याकडून शिवून घेतलेल्या या कोटाच्या जोरावरच बाबांना कामं मिळाली. "कोट आहे ना? मग या," एवढीच निवड. त्यात ते वकील झाले, डॉक्टर झाले, मुलीच्या लग्नासाठी हात जोडणारे बाप झाले. पुढे टीव्ही आला, तिथेही तोच कोट गेला. एकदा हिरोचा कोट वेळेवर आला नाही, तर त्याने बाबांच्या अंगावरचा उतरवून घेतला आणि गाणं उरकलं. कोट परत आला तो छातीवर पिंक घेऊन. आईने लिंबू लावलं, रॉकेल लावलं, डाग हलला नाही. माफी कोणी मागितली नाही, आणि बाबा चाळभर तो डाग दाखवत फिरले. "साहेबांचा आहे." मी लहान होते, तरी तेव्हाही मला किळस यायची. डागाची आणि, खरं सांगायचं तर, बाबांच्या त्या लाचार हसण्याचीही.

मी कोट द्यायला तयारच नव्हते. शेवटी एका अटीवर दिला: पाटीवर बाबांचं नाव हवं. "म्हणजे काय ताई, घालणारच," तो म्हणाला. बाबा नव्वदीला टेकले आहेत. पडद्यावरच्या नामावलीत ते कायम 'आणि इतर'मध्ये. एकदा तरी आपलं नाव छापलेलं त्यांनी स्वतःच्या डोळ्यांनी बघावं, एवढंच मला हवं होतं.

उद्घाटनाला बाबा गुळगुळीत दाढी करून, इस्त्रीचा शर्ट घालून आले. काचेच्या पेटीखाली पाटी होती. हिरोचं नाव, सिनेमाचं नाव, गाण्याची ओळ. बाबा कुठेच नव्हते. मी जाब विचारला तर म्हणतो, "जागा नव्हती हो ताई. आणि लोकांचं कन्फ्यूजन होतं." पेटीतला दिवा नेमका डागावर सोडला होता. पिंकेवर! आणि चांगली शिकलीसवरलेली माणसं त्या पिंकेला मोबाइल लावून उभी होती. एकाने तर हात जोडले.

बाबा काचेला नाक लावून आपल्या कोटाची बटणं बघत होते. मागून एक मुलगी म्हणाली, "आजोबा, जरा बाजूला होता? फ्रेममध्ये येताय."

बाबा चटकन सरकले. इतक्या सफाईने, की त्यांची सावलीसुद्धा काचेवर राहिली नाही. वर हसून विचारलं, "आता ठीक?"

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. मी जाऊन पेटीसमोर उभी राहिले. "हा कोट यांचा आहे," मी मोठ्याने म्हणाले. "फोटो काढायचा तर यांचा काढा."

बाबांनी माझा दंड धरून मला ओढलं. त्यांचा चेहरा भीतीने उतरला होता.

"सरक ग," ते कुजबुजले. "साहेबांचा लाइट अडवतेस."