बर्टन प्यायला गेलेला डेन्झिल

विनिफ्रेड डाउसबाईंनी एकतीस वर्षं स्केलबीच्या शाळेत पोरांच्या जिभेवरचं वाकडं इंग्रजी सरळ केलं. कुणी शिवी हासडली, तर त्या त्याला साबणानं तोंड धुवायला लावत. बाई एकट्या होत्या. दारू निषिद्ध मानणाऱ्या मेथडिस्ट पंथाच्या घरातला जन्म, आणि दारूला शिवणार नाही अशी शपथ सातव्या वर्षी घेतलेली. एक्केचाळीस साली, लढाई चालू असतानाच, त्या निवृत्त झाल्या आणि त्याच वर्षी गावामागच्या बीटच्या शेतांवर बॉम्बफेकी विमानांचा तळ पडला. प्रार्थनामंदिराच्या मंडळींनी तिथे चहाची गाडी न्यायचं ठरवलं, तेव्हा रिकामा वेळ होता तो बाईंनाच.

सप्टेंबर संपत आला होता. पहिल्याच सकाळी एक लालबुंद गालांचा सार्जंट खिडकीशी येऊन म्हणाला, "बाई, एक चार आणि एक वॉड."

"चार काय? आणि वॉड ही कुठली भाषा?"

"चार म्हणजे चहा हो. हिंदुस्थानात राहून आलेल्या जुन्या शिपायांचा शब्द. आणि वॉड म्हणजे हा तुमचा पाव."

"मग चहा आणि पाव म्हण की! तोंड झिजतं का?"

"तळावर तसं म्हटलं तर कुणाला कळायचंच नाही, बाई."

त्याचं नाव डेन्झिल ट्रेविन. दूरच्या कॉर्नवॉलचा, बावीस वर्षांचा, विमानाच्या शेपटाकडच्या काचेच्या पिंजऱ्यात बंदूक घेऊन बसणारा. तोही मेथडिस्ट आणि दारूचा थेंबही न घेणारा, म्हणून बाईंचा जीव त्याच्यावर जडला. रोज तो त्यांना एकेक शब्द शिकवी. विमान म्हणजे पतंग. विमान आदळलं की प्रँग. घबराट उडाली की फडफड. बाईंना दर शब्दाला धक्का बसे, आणि तरी घरी जाऊन त्या तो वहीत उतरवून ठेवत. न समजता ऐकून घेणं त्यांच्या स्वभावात नव्हतं. डेन्झिलला त्यांनी मोजे विणून दिले, तेव्हा त्याच्या आईचं आभाराचं पत्र आलं. तेवढ्यावरून दोघींची ओळख झाली.

ऑक्टोबरच्या सतरा तारखेला, शुक्रवारी, डेन्झिल चहाला आला नाही. त्याच्या विमानातले बाकीचे पाचही नाहीत. बाईंनी कॉर्पोरल गॅड्सबीला विचारलं. हा विमानांची इंजिनं दुरुस्त करणारा, कोपरापर्यंत तेलानं माखलेला माणूस.

"ट्रेविनची मंडळी दिसत नाहीत?"

गॅड्सबीनं कपातून मान वर केली नाही. "बर्टन प्यायला गेली," म्हणाला.

बर्टन म्हणजे बिअर, एवढं बाईंना ठाऊक होतं. गुत्त्यावरच्या पाट्या शपथ घेतलेल्यांनाही वाचता येतात. त्यांच्या अंगाचा तिळपापड झाला. सकाळी दहाला? सहाच्या सहा? आणि डेन्झिलसुद्धा? शनिवारी तो आला नाही, रविवारी नाही, सोमवारीही नाही. विचारलं की तेच उत्तर, आणि उत्तर देणारा लगेच पाठ फिरवून चालू लागे. विमान परतलं नाही हे बाहेरच्या माणसाला सांगायची मनाई होती, हे बाईंना कुणी सांगितलंच नव्हतं.

सोमवारी संध्याकाळी त्यांनी मिसेस ट्रेविनना पत्र लिहिलं. "तुम्हाला दुखवायला लिहीत नाही," असं सुरुवातीलाच बजावून पुढे लिहिलं: तुमचा मुलगा वाईट संगतीला लागला आहे. गेले चार दिवस तो 'बर्टन प्यायला', म्हणजे बिअर प्यायला जातो, असं त्याचे सोबतीच सांगतात. आईच्या शब्दानं ताळ्यावर येईल.

पुढच्या शनिवारी गाडीपाशी गर्दी होती. बाई सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात गॅड्सबीला म्हणाल्या, "त्या डेन्झिलला सांग, बिअर पिऊन झाली असेल तर मला येऊन तोंड दाखव म्हणावं. मी त्याच्या आईला कळवलंय."

मागे दोघं हसत होते ते थांबले. गॅड्सबीनं कप खाली ठेवला आणि गाडीला वळसा घालून तो आत आला.

"बाई, बसा जरा."

"का? काय झालं?"

"बर्टन प्यायला गेला म्हणजे... गेला. मेला. विमान आलंच नाही गुरुवारी रात्री. आम्ही असंच म्हणतो. दुसरा शब्द इथे कुणी तोंडातून काढत नाही."

बाईंच्या हातातली किटली तिरकी झाली. चहा त्यांच्या बुटांवर सांडत राहिला आणि त्यांना ते कळलंसुद्धा नाही.

"पण मी आईला लिहिलं," त्या म्हणाल्या. "मी त्या माउलीला लिहिलं की तो दारू पितोय."

"अरे देवा!" गॅड्सबी म्हणाला.

त्याच दुपारी बाईंनी दुसरं पत्र टाकलं. सहा कागद फाडल्यावर कसंबसं जमलेलं. पण ते कॉर्नवॉलला पोचलं तेव्हा तिथलं दार बंद होतं.

सोमवारी सकाळी अकराला पहारेकऱ्यानं एका काळ्या कोटातल्या, ठेंगण्या बाईला चहाच्या गाडीपाशी आणून सोडलं. रात्रभर आगगाडीत बसून आलेली. तिच्या एका हातात तार होती, दुसऱ्या हातात पत्र.

"डाउसबाई तुम्हीच ना?" ती म्हणाली. तिचे डोळे चमकत होते. "हे बघा, तार म्हणते सोळा तारखेपासून बेपत्ता. आणि तुमचं पत्र वीस तारखेचं. तुम्ही इथल्या, तुम्हालाच खरं ठाऊक असणार. म्हटलं, सरकारी कारकुनानं घोळ घातला. कुठे आहे तो? आधी कानाखाली वाजवते आणि मग जवळ घेते."

बाईंनी हातातली किटली खाली ठेवली.

"मिसेस ट्रेविन," त्या म्हणाल्या, "मी तुम्हाला एक शब्द लिहिला, ज्याचा अर्थ मला ठाऊक नव्हता."

आणि त्यांनी सांगितलं. सरळ सांगितलं, काहीही मऊ न करता.

मिसेस ट्रेविन रडल्या नाहीत. पत्राची घडी घालत त्यांनी विचारलं, "असं कोण म्हणतं?"

"सगळे. डेन्झिलही म्हणत असेल, दुसऱ्यांबद्दल."

"माझ्या पोरानं उभ्या जन्मात थेंब घेतला नाही," त्या म्हणाल्या, "आणि ह्यांनी त्याला बिअर प्यायला पाठवलं?" मग त्या चहाच्या गाडीच्या पायरीवर बसल्या, आणि दुपारच्या आगगाडीची वेळ होईपर्यंत तिथून उठल्या नाहीत. बाई शेजारी उभ्या होत्या. माफी मागायचं त्यांना सुचलंही नाही.

लढाई संपल्यावर अठ्ठेचाळीस साली लंडनचे मि. ऑरफर्ड नावाचे गृहस्थ बाईंकडे आले. रस्त्यावरच्या, बराकीतल्या, कुठल्याही शाळेत न शिकवल्या जाणाऱ्या इंग्रजीचा कोश ते करत होते, आणि वहीची बातमी त्यांना लागली होती. वही चाळताना 'बर्टन'पाशी ते थबकले.

"ह्याच्या उगमाच्या तीन कथा ऐकल्यात, एकही खात्रीची नाही. लेखी पुरावा मला बेचाळीसच्या आधीचा मिळत नाही. तुमच्याकडे काही?"

"एक पत्र आहे. एक्केचाळीसच्या ऑक्टोबरचं," बाई म्हणाल्या आणि सगळी हकीकत त्यांनी सांगितली.

"अहो, पण हे तर विलक्षण आहे!" ऑरफर्ड खुर्चीतून उठलेच. त्यांचा तो आनंद पाहून बाईंनी वही मिटली. तरी त्यांनी मिसेस ट्रेविनना, दर पत्रासारखी आधी माफी मागून, ते पत्र द्याल का असं लिहून विचारलं. आठवड्यानं उत्तर आलं.

"तारीख हवी तर घ्या. पत्र मिळणार नाही. तारेनं माझा मुलगा शनिवारी नेला. तुमच्या पत्रानं तो बुधवारी परत आला. शनिवारपर्यंत मी त्याच्या चिठ्ठीची वाट पाहिली, रविवारी आगगाडीत बसले, आणि ते पाच दिवस दारू प्यायला म्हणून त्याच्यावर रागावले होते. मेलेल्यावर कुणी असं रागावत नाही. तुम्ही माफी मागायचं सोडा आता."

बाईंनी ऑरफर्डना फक्त तारीख कळवली.

दोन वर्षांनी कोश निघाला. शहराच्या वाचनालयात बाईंनी तो उघडला. शब्द होता, अर्थ होता, 'हवाई दल, ऑक्टोबर १९४१' असंही होतं. आणि पुढे छटा सांगणारा एकच शब्द: 'विनोदी'.

बाईंनी पर्समधून पेन काढलं, आणि वाचनालयातली माणसं बघत असताना, त्या 'विनोदी'वर सरळ, ठसठशीत रेघ मारली.