मंगळवारची कंबर

तुकाराम घाणेकरकडे एकच वाक्य होतं आणि ते त्याने तेवीस मंगळवार पुरवलं. "हमारा कमर दुखता था मॅडम, इसलिए गोली खाया." एवढं बोलून तो खुर्चीत असा मागे टेकायचा, जणू गुहागर स्टँडला गाडी लावली आणि इंजिन बंद केलं.

वाक्य खोटं नव्हतं. बहारीनमध्ये अस्करच्या कारखान्यांकडे कामगार नेणारी बस बावीस वर्षं चालवल्यावर कंबर दुखणारच. कुणीतरी एक गोळी दिली, एकीच्या आठ झाल्या, आणि एका नाक्यावर पोलिसांना त्याच्या खिशात डॉक्टरच्या चिठ्ठीशिवायच्या चार पट्ट्या सापडल्या. न्यायाधीशांनी सहा महिने तुरुंगाऐवजी सहा महिने उपचार दिले. दर मंगळवारी केंद्रात गोल करून बसायचं, नाव पुकारलं तर लघवी तपासायला द्यायची, पासपोर्ट कोर्टात. कंपनीने तोवर त्याला बस धुवायला ठेवला. शेवटचा अहवाल चांगला गेला की पासपोर्ट परत आणि मेमध्ये दोन महिने गावी. वाईट गेला तर तुरुंग. गावी मथुरेला, त्याच्या बायकोला, यातलं काही ठाऊक नव्हतं. तिच्या लेखी मंगळवारी ओव्हरटाइम असायचा.

चोविसावा मंगळवार शेवटचा. गोल चालवणाऱ्या डॉक्टर सुहांची हिंदी बाजारात शिकलेली. तीत क्रियापदं कमी, हात जास्त.

"तुकाराम, आज कमर मफी. कमर खलास. आज दिल बोलो."

"दिल ठीक है मॅडम."

शेजारचा सियालकोटचा गवंडी कण्हला. "उस्ताद, कुछ तो बोल दे, चाय ठंडी हो रही है."

"हिंदी मुश्किल?" डॉक्टरीणबाईंनी हात पसरले. "तुम्हारा गाँव का बात में बोलो. मैं समझेगा नहीं, मैं सुनेगा. यल्ला."

तुकारामने गोलावर नजर फिरवली. दोन बहारीनी, गवंडी, एक फिलिपिनो. कोपऱ्यात नवीन नर्स रक्तदाबाचं यंत्र मांडत होती. केरळची असणार, इथे सगळ्या नर्सा केरळच्याच, असा त्याचा हिशेब. म्हणजे कुणालाच कळणार नव्हतं.

"मंग ऐका," तो म्हणाला. "मी दमलोय. बावीस वर्सं लोकांना डुटीवर पोचवलं, मी कुठं पोचलो ते काय कळत नाय. मागच्या शुक्रवारी मथुरा फोनवर न्हाणीच्या फरशीचं विचारीत होती, निळी का पांढरी. मी म्हटलं निळी. फोन ठेवला. तिथंच बसच्या सीटच्या फटीत एक जुनी गोळी गावली, ती गिळली. कंबर दुखत नव्हती. कायच दुखत नव्हतं. आज तपासायला माझं नाव आलं नाय, सुटलो."

"वाह," गवंडी म्हणाला. "शायरी थी क्या?"

डॉक्टर सुहांनी डोळे टिपले. "व्हेरी ओपन, तुकाराम. व्हेरी गुड." आणि तेच अहवालात लिहिलं.

उठल्यावर सगळ्यांचा रक्तदाब. नर्सने तुकारामच्या दंडाला पट्टा गुंडाळला आणि हळूच म्हणाली, "काका, हात सैल सोडा. मी बेनिटा. वसईची."

यंत्रावरचा आकडा चढतच गेला.

"तू... ऐकलंस?"

"बारा तास झालेत ड्युटीला, कान तेवढे चालू आहेत." तिने पट्ट्यातली हवा सोडली. "ऐकलं नाही म्हटलं तर मला कुणी विचारणार नाही. ऐकलं तर सांगावं लागतं. उद्या अहवाल जाणार. मी काय करू ते तुम्हीच बोला."

'तू काय ऐकलं नायस' हे तुकारामच्या जिभेवर आलंच होतं. मग त्याला मे महिना दिसला. निळी फरशी, मथुरेचं बोलणं, पुढे बोलायला काही नाही, आणि गावच्या नाक्यावरचं औषधाचं दुकान. मालक त्याच्याच वर्गातला. कंबर म्हटली की चिठ्ठी न विचारता पट्टी पुढे करायचा. तिथे मंगळवार नव्हता. सात वारांतला एकही नव्हता.

"चल," तो म्हणाला. "सांगतो मीच. तू फक्त तिकडं पोचव."

त्याने सांगितलं, बेनिटाने इंग्रजीत पोचवलं. डॉक्टर सुहांनी अहवाल पुन्हा पुढे ओढला. 'व्हेरी ओपन' त्यांनी खोडलं नाही. त्याच्याखाली आणखी चार ओळी लिहिल्या.

"तीन महीना और मंगलवार," त्या म्हणाल्या. "मैं जज को बोलेगा, तुकाराम खुद बताया. जेल नहीं. इंशाल्ला."

बावीस वर्षांत हा शब्द त्याने मुकादमाकडून ऐकला होता, व्हिसाच्या खिडकीवर ऐकला होता. त्यात होही नसतं आणि नाहीही नसतं. त्याने मान हलवली.

बाहेर भिंतीच्या सावलीत उभं राहून त्याने फोन लावला.

"मेची सुट्टी झाली का मंजूर?" मथुरेने आधी तेच विचारलं.

"नाय गं."

"आवाज असा का? कंबर दुखते का परत?"

"कंबर बरी हाय," तुकाराम म्हणाला. "तू हातातलं काम ठेव आणि खाली बस जरा. मंगळवारी मी कुठं जातो ते सांगतो."