वैनगंगेवरचं तोफा नसलेलं जहाज

या सदरातले अनुभव मी नेमाने वाचते, आणि खरं सांगायचं तर बहुतेक वेळा वाचून हसते. भंडारा जिल्ह्यातल्या शाळांमध्ये विज्ञान शिकवण्यात माझा जन्म गेला. अंगात आलेल्या बायांना मी पाणी पाजून घरी पोचवलंय, पिंपळाखालचे लिंबू मुलांसमोर कापून सरबत केलंय. माझा अशा गोष्टींवर विश्वास नव्हता. आजही नाही. पण जे झालं ते झालं... आणि माझ्याशिवाय ते पाहणारा एकच माणूस होता, तो आता राहिला नाही. म्हणून लिहून काढते.

आमचं गाव कारधा. वैनगंगेच्या या काठाला आम्ही, समोर भंडारा. बाबा नदीत मासे धरायचे. घरी एक डोंगा आणि चार जाळी. माझा मोठा भाऊ रमेश — आमचा दादा — पोहण्यात पटाईत. मॅट्रिक झाल्यावर नागपूरला भरतीत उभा राहिला आणि नौदलात लागला. गावातला पहिलाच. समुद्र कोणी पाहिलेला नव्हता, त्यामुळे लोक बाबांना विचारायचे, "तुमचा रमेश तिकडं कोणते मासे धरते जी?"

दादाची पत्रं म्हणजे माझी दुसरी शाळा. तो जहाजांच्या काळ्या आकृत्या काढून पाठवायचा, नुसती बाह्यरेषा आणि आत शाई. खाली लिहायचा, ओळख पाहू. लांबून जहाज दिसलं तर रंग-बिंग बघायचा नाही, आधी धुराडी मोज. मग डोलकाठी कशी आहे ते. मग तोफा कुठं, किती. नंबर सगळ्यात शेवटी, कारण नंबर रंगवून बदलता येतो, हाडं बदलत नाहीत. फ्रिगेट, क्रूझर, सुरुंग काढणारी लहान बोट... सगळं मला पाठ झालं. त्याचं स्वतःचं जहाज होतं डिस्ट्रॉयर, म्हणजे विनाशिका. इंग्रजांनी मोठ्या लढाईत बांधलेली. तिचं पहिलं नाव वेगळं होतं, आपण घेतल्यावर नवं नाव पडलं. ते नाव मी इथे मुद्दाम लिहीत नाही.

बाबांना अक्षर येत नव्हतं, पण दादाचं जहाज ते दहा आकृत्यांमधून बोट ठेवून काढायचे. "एक धुराडं, जाळीवाली काठी, पुढं दोन नळ्या, मागं दोन नळ्या. हे रमेशचं." तोफांना ते नळ्या म्हणायचे.

एकाहत्तरची लढाई संपल्यावर दादा एकदा येऊन गेला. पुढे दोन-तीन वर्षांनी आला तेव्हा पवनी तालुक्यातल्या आसगावच्या पुष्पाशी त्याचं साक्षगंध केलं. शांत मुलगी, धानाच्या शेतात राबणारं घर. लग्न पुढच्या सुट्टीत करायचं ठरलं, आणि ती सुट्टी काही येईना. दर पत्रात तेच — जहाज दरियात आहे, रजा नाही. मधेच त्याने पत्ताही बदलून दिला. जहाजावर पत्रं उशिरा पोचतात, मित्राच्या पत्त्यावर टाका म्हणाला. आम्ही टाकत राहिलो. पुष्पाचे वडील वर्षातून दोनदा यायचे. बाबा त्यांना आकृती दाखवायचे आणि म्हणायचे, "हे पाहा जहाज. एवढं मोठं जहाज सोडून पोरगा कसा येईन जी? माह्या शब्दावर थांबा." ते थांबले. पुष्पाही थांबली. तिने माझ्याकडून त्या जहाजाची एक आकृती मागून नेली होती.

आणीबाणी उठली त्याच्या पुढचा हिवाळा. मी तेव्हा भंडाऱ्याच्या कॉलेजात होते. रविवार होता, म्हणून बाबांबरोबर जाळं उचलायला गेले. सकाळचे साडेसात झाले असतील. दाट धुकं, पण उजेड चांगला होता, आणि पुलावरून जाणाऱ्या ट्रकचे हॉर्न स्पष्ट ऐकू येत होते. हे मुद्दाम सांगते, कारण झोपेत होतीस का असं मला नंतर विचारलं गेलं. मी झोपेत नव्हते. माझ्या हातात ओलं जाळं होतं आणि बोटं गारठून दुखत होती.

बाबा एकदम थांबले. मी त्यांच्या नजरेच्या दिशेने पाहिलं.

धुक्यातून जहाज येत होतं. करडं, उंच... डोंग्यात बसून मान पूर्ण वर करावी लागली. आवाज अजिबात नाही. पाण्यावर लाट नाही, आमचा डोंगा हललासुद्धा नाही. भीती वाटायच्या आधी माझ्या डोक्याने सवयीने मोजायला सुरुवात केली — एक धुराडं. जाळीची डोलकाठी. ओळखीची उतरती बाजू... पण तोफा नव्हत्या! जिथे तोफा असायच्या तिथे नुसत्या गोल लोखंडी पट्ट्या. बाजूचा नंबर करड्या रंगाने पुसलेला, तरी आतले आकडे फुगून दिसत होते आणि ते दादाचेच होते. डाव्या बाजूचा नांगर नव्हता, तिथून गंजाचा लांब ओघळ आला होता. झेंडा नाही, माणूस नाही. पुढच्या टोकाला एक जाड दोर, ताणलेला, आणि त्याचं दुसरं टोक धुक्यात गेलेलं. कोणीतरी ओढून नेत होतं.

"बाबा," मी म्हटलं, "हे दादाचं..."

"नाही." बाबा इतक्या जोरात म्हणाले की मी दचकले. "रमेशच्या जहाजाले नळ्या आहेत. हे त्याचं नाही. जाळं वढ."

मी जाळं ओढलं. वर पाहिलं तर फक्त धुकं.

घरी येऊन मी प्रॅक्टिकलच्या वहीत ते जहाज काढलं, पाहिलं तसं. दुसऱ्या दिवशी त्याच जागी बांबू टाकून पाणी मोजलं. माझ्या कमरेएवढं. तिथे जहाज सोडा, मोठी नावसुद्धा रुतली असती. बाबा त्या दिवसापासून फारसे बोलेनासे झाले. जेवणावरून उठून जायचे. मला वाटलं, घाबरले.

पंधरा दिवसांनी दादाचं पत्र आलं. जहाज दरियात आहे, वारा फार आहे, होळीपर्यंत रजा नाही.

पत्र वाचताना पहिल्यांदाच मला काहीतरी खटकलं. भंडाऱ्यात एका बँकेच्या दारावर बंदूक घेऊन बसणारे किसनकाका नौदलातून निवृत्त झालेले होते. मी वही घेऊन त्यांच्याकडे गेले. कुठे पाहिलं ते सांगितलं नाही, नुसतं चित्र पुढे केलं.

त्यांनी चष्मा लावला, आणि त्यांचा चेहराच बदलला. "हे तुले कोणं दिलं?"

"मीच काढलं. कोणतं जहाज आहे काका?"

"अवं, दोन वर्षं मी याच्यावर होतो! पण ते तर कवाचंच सेवेतून काढलं. दोन-अडीच वर्षं झाली असतील. धक्क्याले नुसतं उभं होतं. तोफा उतरवल्या, डावा नांगर दुसऱ्या जहाजाले दिला... आता मागच्या महिन्यात तोडाले वढून नेलं म्हणून माह्या दोस्ताचं पत्र आलं. पण पोरी, नांगराचं त्यानं मले लिहिलं तवा मले कळलं. तुले काहून माहीत?"

मी उलट विचारलं, की त्या जहाजावरची माणसं आता कुठे असतात?

"काही दुसऱ्या जहाजावर गेले, काही मुदत संपून घरी आले. तुहा भाऊ कुठं आहे?"

"जहाज दरियात आहे म्हणते," मी म्हटलं. किसनकाकांनी वही मिटून माझ्या हातात दिली आणि दुसरीकडे पाहिलं.

त्यांनीच मुंबईला लिहून चौकशी केली. दादा जहाजाबरोबरच नौदलातून बाहेर पडला होता. एका खाजगी कंत्राटदाराकडे कामाला होता. तिथेच लग्न केलेलं, एक मुलगी. आम्ही त्याला दरियात समजून देवासमोर दिवा लावत होतो, तेव्हा तो बायकोबरोबर मुंबईच्या कुठल्यातरी खोलीत राहत होता.

बाबांना सांगायला मला दोन दिवस लागले. ते अंगणात जाळं विणत होते. मी सगळं एका दमात सांगितलं. त्यांचे हात थांबले.

"जित्ता आहे?" त्यांनी विचारलं.

"हो बाबा."

"त्या दिवशी मीबी वळखलं होतं, शकुन. नळ्या नाहीत, झेंडा नाही, माणूस नाही... मले वाटलं, आपला रमेश गेला. थे सांगाले आलं जहाज. मागून पत्र आलं, थे वाटलं त्यानं आधीच टाकलं असन. तुह्या मायले न् तुले कसं सांगू म्हणून चूप होतो. नदीवर जाऊन रडून घेतलं मी त्याले." मग ते पुन्हा जाळं विणू लागले. "माह्या रडण्याची त्यानं काहीच किंमत ठेवली नाही," एवढंच शेवटी म्हणाले.

आसगावला आम्ही दोघं गेलो. बाबांनी डोक्याचा दुपट्टा काढून पुष्पाच्या वडिलांच्या पायाशी ठेवला. त्यांनी शिव्या दिल्या, बाबांनी ऐकून घेतल्या. शेवटी पुष्पा बाहेर आली.

"मामाजी, म्हणजे जहाज दरियात नव्हतंच?"

"नव्हतं, बाई."

"मग पत्रात वाऱ्याचं कायले लिहे?" तिला तेच समजत नव्हतं. ती माझ्याकडे पाहत राहिली आणि मला मान वर करता आली नाही. तिचं लग्न पुढे झालं, उशिरा, एकोडीच्या एका दोन पोरं असलेल्या बिजवराशी.

दादा आला तो सात-आठ वर्षांनी, बाबा गेल्यावर. पोट सुटलं होतं, केस रंगवलेले. बाबांच्या फोटोसमोर थोडं रडला. पुष्पाचं नाव त्याने काढलं नाही. मी वही काढून त्याच्यापुढे ठेवली. पाहता पाहता त्याचा चेहरा उतरला.

"हे तुले कोणं दिलं? तिथं फोटो काढाची मनाई होती. जहाज वढून नेलं त्या दिवशी मी धक्क्यावर उभा होतो... किसनकाकाचा तो दोस्त ना? त्यानंच माही चुगली केली ना?"

मी त्याला सगळं सांगितलं. रविवारची सकाळ, धुकं, जाळं, बाबांचं "नाही". वहीवर तेव्हाच टाकलेली तारीख दाखवली. त्याने बोटांवर हिशेब केला. जहाज ओढून नेलं तो दिवस तोच होता, हे त्यानेच कबूल केलं.

वैनगंगेत कमरेएवढ्या पाण्यात ते जहाज कसं आलं, मुंबईच्या धक्क्यावरच्या जहाजाला डावा नांगर नाही हे मला कारध्यात कसं दिसलं, याचं उत्तर माझ्याकडे तेव्हा नव्हतं आणि आजही नाही. मी शोधलं, मिळालं नाही. दादाला मी तेच सांगितलं — मले नाही मालूम, पण आम्ही दोघांनी पाहिलं.

त्याने वही बंद केली, माझ्याकडे नीट पाहिलं, आणि अगदी दुखावल्यासारखा म्हणाला,

"शकुन, सख्ख्या भावाशी खोटं कायले बोलून राहिली?"